कवडीचुंबक

कवडीचुंबक : अतिशय कृपण माणसास उद्देशून मराठीत रूढ असलेला शब्द. प्रल्हाद केशव अत्रे (१८९८–१९६९) यांनी मोल्येर या फ्रेंच नाटककाराच्या लाव्हार (१६६८) या सुखात्मिकेच्या आधारे लिहिलेल्या नाटकाचेही हेच नाव आहे. कवडी हे एका लहान सागरी गोगलगायीचे कवच असून एकोणिसाव्या शतकापर्यंत भारताच्या काही भागांत ते सर्वांत हलके चलन म्हणून वापरात होते. अशा कवडीलाही जो कवटाळून बसतो, तो कवडीचुंबक. कंजूष, चिक्कू, कद्रू हे शब्द साधारणपणे याच अर्थी योजले जातात. तथापि कवडीचुंबक या शब्दात द्रव्याविषयीच्या शारीर आसक्तीची जी छटा आहे, ती इतर शब्दांत नाही. मोल्येरच्या नायकाला हा शब्द नेमका लागू पडतो. प्रस्तुत नोंदीत मूळ सुखात्मिका, तिची मराठी रंगभूमीशी जुळलेली नाळ आणि अशी सुखात्मिका दूरचित्रवाणीवर आणताना तिच्यात होणारे बदल यांचा विचार केला आहे.

पूर्वपरंपरा : कृपण माणूस हा उपहासाचा फार जुना विषय आहे. रोमन नाटककार प्लॉटस (इ. स. पू. सु. २५४–१८४) याच्या ऑल्युलेरिया या सुखात्मिकेतील युक्लिओ या म्हाताऱ्याला घरात पुरलेले सोन्याचे मडके सापडते आणि त्या दिवसापासून त्याची झोप उडते. मोल्येरने आपल्या नाटकाचे मुख्य सूत्र येथूनच घेतले. संस्कृत साहित्यात काश्मीरी कवी क्षेमेंद्र (अकरावे शतक) याने देशोपदेश या उपहासकाव्यात ‘कदर्य’ म्हणजे कृपण माणसासाठी स्वतंत्र प्रकरण योजिले आहे. इंग्रजीत बेन जॉन्सनने व्हॉल्पोने (१६०६) या नाटकात वारसाच्या आशेने मरणासन्न असल्याचे सोंग आणणाऱ्या धनिकाभोवती घिरट्या घालणाऱ्या लोभी माणसांचे चित्र रेखाटले. मात्र लोभ हा घराच्या चार भिंतींत शिरल्यावर बाप आणि मुले यांच्या नात्याचे काय होते, हे मोल्येरइतक्या स्पष्टपणे कोणी दाखविले नव्हते.

मूळ सुखात्मिका : लाव्हार हे पाच अंकी गद्य नाटक ९ सप्टेंबर १६६८ रोजी पॅरिसच्या पॅले-रॉयाल नाट्यगृहात प्रथम सादर झाले. आर्पागाँ या कृपणाची भूमिका स्वतः मोल्येरनेच केली. आर्पागाँ या नावाच्या मुळाशी आकडा किंवा हिसकावून घेणे असा अर्थ आहे. मोल्येरला त्या काळी खोकल्याचा विकार जडला होता. तो त्याने भूमिकेतच सामावून घेतला आणि आर्पागाँच्या खोकल्याचीही स्तुती करणारी एक खुशामती स्त्री त्याच्यासमोर उभी केली. आरंभी नाटकाला बेताचाच प्रतिसाद मिळाला. पाच अंकी सुखात्मिका पद्यातच असावी, अशी तत्कालीन प्रेक्षकांची अपेक्षा होती, हे त्याचे एक कारण सांगितले जाते. पुढे मात्र कॉमेदी-फ्रांसेझ या राष्ट्रीय नाट्यगृहात ज्या नाटकांचे सर्वाधिक प्रयोग झाले, त्यांत लाव्हारची गणना होऊ लागली. इंग्रजीत टॉमस शॅडवेल (१६७२) व हेन्री फील्डिंग (१७३३) यांनी द मायझर या नावाने त्याची रूपांतरे केली.

आर्पागाँ हा विधुर, साठी ओलांडलेला व धनाढ्य सावकार आहे. दहा हजार एक्यूंची पेटी त्याने बागेत पुरून ठेवली आहे. एलीझ ही त्याची मुलगी. घरात कारभारी बनून राहिलेल्या व्हालेरवर तिचे प्रेम आहे. बाप मात्र तिचे लग्न आंसेल्म या वयस्क गृहस्थाशी ठरवितो, कारण तो हुंडा न घेता तिला पत्करावयास तयार आहे. क्लेआंत या मुलाचे मार्यान नावाच्या गरीब मुलीवर मन जडले आहे आणि बापही तिच्याशीच लग्न करू पाहतो. पुढे पेटी चोरीस जाते, घरात हलकल्लोळ माजतो आणि अखेरीस व्हालेर व मार्यान ही आंसेल्मची हरवलेली मुले असल्याचे उघड होऊन दोन्ही विवाह ठरतात. आर्पागाँला मुलांच्या सुखाशी काही कर्तव्य नसते. लग्नाचा खर्च आंसेल्मने सोसावा, आपल्याला नवा पोशाख शिवून द्यावा व तपासासाठी बोलाविलेल्या अंमलदाराचे पैसेही त्यानेच द्यावेत, अशा अटी घालून तो आपल्या लाडक्या पेटीच्या भेटीस निघून जातो. त्याच्यात बदल होत नाही. इतरांची सुटका होते, ती केवळ योगायोगाने. सुखान्ताखाली दडलेला हा कडवटपणा या नाटकाचे वैशिष्ट्य होय.

नाटकाच्या नैतिक परिणामाविषयी मोठा वाद झाला. रूसोने १७५८ मध्ये दालांबेरला लिहिलेल्या प्रसिद्ध पत्रात असा आक्षेप घेतला, की कृपणपणा हा दुर्गुण खराच. पण बापाची अवहेलना करणारा व त्याला लुबाडणारा मुलगा प्रेक्षकांच्या कौतुकाचा विषय व्हावा, हे त्याहून वाईट. उलट गटेला या नाटकात लोभामुळे पितापुत्रांमधील सर्व माया नष्ट होते म्हणून ते थोर व जवळजवळ शोकात्म वाटले. हे दोन्ही अभिप्राय एकाच गोष्टीकडे बोट दाखवितात : नाटकातील हसू सुरक्षित नाही, ते घराच्या मुळाशी जाते.

कृपणता व लोभ : आर्पागाँ हा केवळ खर्च न करणारा माणूस नाही, हे रूपांतरकाराने प्रथम ध्यानात घ्यावयास हवे. दुसऱ्या अंकातील कर्जाचा प्रसंग या दृष्टीने महत्त्वाचा आहे. मार्यानसाठी पैसा उभा करावा म्हणून क्लेआंत दलालामार्फत पंधरा हजार फ्रँकचे कर्ज मागतो. सावकार वरवर सुमारे साडेपाच टक्के व्याज सांगतो. परंतु आपणास ही रक्कम दुसऱ्याकडून वीस टक्क्यांनी घ्यावी लागते, ते व्याजही ऋणकोने द्यावे, अशी मेख मारून ठेवतो. म्हणजे एकूण दर पंचवीस टक्क्यांवर जातो. त्यातही रोख फक्त बारा हजार. उरलेल्या तीन हजारांपोटी जुना पलंग, बंदुका, पेंढा भरलेली घोरपडीसारखी एक कातडी अशा अडगळीची लांबलचक यादी पुढे केली जाते. हा अनामिक सावकार म्हणजे आपला बापच आहे, हे क्लेआंतला समोरासमोर आल्यावर कळते. येथे कृपणता ही स्वभावातील लकब न राहता व्यवहाराची पद्धत ठरते आणि तिचे भक्ष्य म्हणून पोटचा मुलगाच समोर येतो.

महाराष्ट्रातील वाचकाला हा प्रसंग परका वाटत नाही. सावकारी व्याजाच्या जाचाला कंटाळून १२ मे १८७५ रोजी पुणे जिल्ह्यातील सुपे येथे शेतकऱ्यांनी सावकारांविरुद्ध उठाव केला व तो पुणे आणि अहमदनगर जिल्ह्यांत पसरला. उठाव करणाऱ्यांचा मुख्य रोख माणसांवर नव्हता. कर्जरोखे हस्तगत करून ते जाळावेत, हा त्यांचा उद्देश होता. यातून १८७९ चा दख्खन कृषक साहाय्य अधिनियम झाला. पुढे १९४६ चा मुंबई सावकारी अधिनियम व २०१४ चा महाराष्ट्र सावकारी (नियमन) अधिनियम यांनीही याच व्यवहारावर नियंत्रण आणले. कागदावर एक दर व प्रत्यक्षात दुसरा, रोख कमी व नोंद अधिक, ही आर्पागाँची रीत अशा कायद्यांच्या मुळाशी असलेल्या तक्रारींहून वेगळी नाही.

उलटपक्षी मराठी मध्यमवर्गात काटकसर हा सद्गुण मानला गेला आहे. बेताच्या उत्पन्नात संसार करणाऱ्या गृहिणीने दिवा मालवणे वा जुने कापड पुन्हा वापरणे यांत उपहास करण्यासारखे काही नाही. रूपांतरात कर्जाचा प्रसंग गाळला आणि मेणबत्त्या विझविणारा म्हातारा तेवढा ठेवला, तर लोभावरील उपहासाचे रूपांतर गरिबीच्या थट्टेत होते. मोल्येरचा नायक गरीब नाही, तो गरिबीचे सोंग आणतो. त्याचा चिक्कूपणा हसवितो, तो त्याच्यामागे पुरलेली पेटी प्रेक्षकांना ठाऊक असते म्हणून.

मराठी रंगभूमी व मोल्येर : मोल्येर मराठीत एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस आला. हरि नारायण आपटे यांनी मारून मुटकून वैद्यबुवा (१८९०) व जबरीचा विवाह (१९१०) ही रूपांतरे केली. गोविंद बल्लाळ देवल यांनी मोल्येरच्या स्गानारेलवरून आर्थर मर्फी याने इंग्रजीत रचलेल्या नाटकाच्या आधारे फाल्गुनराव (१८९३) हे गद्य नाटक लिहिले. त्याचेच संगीत रूप म्हणजे संशयकल्लोळ (१९१६). ते इतके मराठी झाले, की त्याचे मूळ परके आहे याची आठवण सामान्य प्रेक्षकाला राहिली नाही. लोभाचे गंभीर चित्र देवलांनीच आपल्या संगीत शारदा (१८९९) या स्वतंत्र नाटकात रेखाटले. त्यातील कांचनभट हा पैशाच्या मोहाने आपली लहान मुलगी वृद्ध भुजंगनाथाला द्यावयास निघतो. आर्पागाँ मुलीला ‘हुंड्याशिवाय’ खपवू पाहतो, कांचनभट तिच्या मोबदल्यात धन घेऊ पाहतो. दोघांच्याही हिशेबात मुलगी ही जमाखर्चाची एक बाब आहे.

अत्रे यांनी १९५० च्या सुमारास कवडीचुंबक लिहिले. साष्टांग नमस्कार (१९३३) पासून त्यांनी एकेका छंदाने वा हव्यासाने पछाडलेल्या माणसांची अतिशयोक्त चित्रे रंगविली होती, त्यामुळे मोल्येरची प्रकृती त्यांच्या विनोदाला मानवणारी होती. परकी सुखात्मिका मराठी घरात आणून बसविण्याचे त्यांचे कौशल्य ब्रॅन्डन टॉमसच्या चार्लीज आन्टवर आधारलेल्या मोरूची मावशी या नाटकातही दिसून येते. याच काळात पु. ल. देशपांडे यांनी गोगोलच्या इन्स्पेक्टर जनरलवरून अंमलदार (१९५२) हे लाचखोरीवरील नाटक रचले. स्वातंत्र्यानंतरच्या पहिल्या काही वर्षांत लोभ व लाच या विषयांवरील दोन अभिजात युरोपीय सुखात्मिका मराठीत याव्यात, हे लक्षणीय आहे. युद्धकाळापासून चालत आलेली टंचाई, नियंत्रणे व काळा बाजार यांचा अनुभव प्रेक्षकांच्या मनात तेव्हा ताजा होता.

‘हुंड्याशिवाय’ हा शब्द या नाटकाच्या भाषांतरात विशेष अवघड ठरतो. मुळात आर्पागाँ प्रत्येक आक्षेपाला हा एकच शब्द उत्तर म्हणून देतो व पुनरुक्तीमुळे हशा वाढत जातो. हुंडा प्रतिबंधक अधिनियम (१९६१) झाल्यावरही ही प्रथा टिकून राहिलेल्या समाजात हा शब्द ऐकताना प्रेक्षक हसतो. पण हुंडा न घेणारा वर ही सुधारकी घटना मुलीच्या दृष्टीने शिक्षा ठरते, हे त्याला चमत्कारिकही वाटते. शब्द सुधारणेचा, हेतू लोभाचा, असा हा पेच मराठी प्रयोगात मुळापेक्षाही तीव्र होतो.

दूरचित्रवाणीवरील रूपांतर : भारतात दूरचित्रवाणीचा आरंभ १५ सप्टेंबर १९५९ रोजी दिल्लीत झाला. मुंबई केंद्र २ ऑक्टोबर १९७२ रोजी सुरू झाले. मुंबईतील मराठी नाटकाचा मुक्काम त्या काळी प्रामुख्याने दादर-गिरगाव भागात होता. मुलुंडचे महाकवी कालिदास नाट्यमंदिर, बोरिवलीचे प्रबोधनकार ठाकरे नाट्यगृह यांसारखी रंगमंदिरे उपनगरांत नंतर उभी राहिली. पवई, घाटकोपर किंवा मुलुंड येथील कुटुंबाला नाटकासाठी रात्रीचा प्रवास करावा लागे. दूरचित्रवाणीने ते घरात आणले. वरळीच्या केंद्रातून नाटके, नाटिका व प्रहसने प्रसारित होऊ लागली. गजरा या कार्यक्रमातील छोट्या नाटिका, तसेच चिं. वि. जोशी यांच्या कथांवरील चिमणराव-गुंड्याभाऊ ही मालिका (यात दिलीप प्रभावळकर व बाळ कर्वे यांच्या प्रमुख भूमिका होत्या) यांमुळे १९७० नंतरच्या दशकात या माध्यमातील मराठी विनोदाला स्वतःचे वळण लाभले. चिमणरावाच्या यशाने असे दाखवून दिले, की लहान पडद्यावर मोठ्या अंगविक्षेपापेक्षा डोळ्यांतील गोंधळ अधिक हसवितो.

आर्पागाँच्या बाबतीत युरोपात असे प्रयोग बरेच झाले. बीबीसीने १९८८ मध्ये द मायझरचे दूरचित्रवाणी-रूप प्रसारित केले. त्यात नायजेल हॉथॉर्न हा आर्पागाँ होता. फ्रान्समध्ये लुई द फ्युनेस या विनोदी नटाने झां जिरो याच्यासह १९८० मध्ये नाटकाचा चित्रपट दिग्दर्शित केला व प्रमुख भूमिकाही केली. इटलीत अल्बेर्तो सोर्दी याने १९९० च्या चित्रपटात हेच पात्र रोममध्ये आणले. या सर्वांपुढील प्रश्न एकसारखे होते आणि मराठी रूपांतरकारालाही ते टाळता येत नाहीत.

यांतील सर्वांत कठीण प्रश्न चौथ्या अंकाच्या अखेरच्या स्वगताचा आहे. पेटी गेल्याचे कळताच आर्पागाँ धावत येतो, चोराला पकडल्याच्या भ्रमात स्वतःचाच हात धरतो आणि मग थेट प्रेक्षकांकडे वळून त्यांच्यातच चोर दडला असल्याचा संशय व्यक्त करतो. नाट्यगृहात शेकडो माणसे एकत्र हसत असतात आणि त्यांचे हसणे हाच त्याला त्यांच्या अपराधाचा पुरावा वाटतो. दूरचित्रवाणीसमोर असा समुदाय नसतो. दोन-चार माणसांचे कुटुंब असते. नटाने कॅमेऱ्याच्या भिंगात पाहून भाषण केले, तर संशय त्या कुटुंबावर येतो व प्रसंगाला वेगळीच धार चढते : मूळ नाटक ज्या घरगुती अविश्वासावर उभे आहे, तोच आता पाहणाऱ्याच्या दिवाणखान्यात येतो. नटाने भिंगाकडे न पाहता स्वतःशीच बोलणे पसंत केले, तर स्वगत मानसिक विकाराचे चित्र बनते व उपहास कमी होतो. ध्वनिमुद्रित हशा जोडून नाट्यगृहाचा भास निर्माण करणे हा तिसरा मार्ग. तो सर्वांत दुबळा होय, कारण न दिसणाऱ्या माणसांवर आर्पागाँला संशय घेता येत नाही.

दुसरा प्रश्न दृश्यविभागणीचा आहे. पाचव्या अंकात आर्पागाँ पेटीच्या चोरीबद्दल बोलतो व व्हालेर एलीझवरील प्रेमाची कबुली देतो. दोघांनाही एकमेकांचा विषय आपलाच वाटतो. हा विनोद दोन्ही चेहरे एकाच वेळी दिसण्यावर अवलंबून आहे. स्टुडिओतील पद्धतीनुसार बोलणाऱ्याचे समीपदृश्य क्रमाक्रमाने दाखविले, तर प्रेक्षकाला एका वेळी एकाचाच अर्थ दिसतो आणि गैरसमजाचा झोका तुटतो. दोघांना एका चौकटीत ठेवून कॅमेरा स्थिर राखणे हेच येथे योग्य. याउलट मेत्र झाक या नोकराचा प्रसंग लहान पडद्याला सोयीचा आहे. एकाच पगारात आचारी व गाडीवान अशी दोन कामे करणारा हा नोकर मालकाने विचारलेला प्रश्न कोणत्या कामाविषयीचा आहे, त्याप्रमाणे अंगरखा बदलून उत्तर देतो. तसेच जळत्या दोन मेणबत्त्यांपैकी एक विझविण्याची रंगभूमीवरील जुनी रीत पडद्यावर प्रभावी ठरते, कारण तेथे प्रकाश खरोखरच निम्म्यावर आणता येतो.

तिसरा प्रश्न वस्तू दाखविण्याच्या मोहाचा आहे. गोरेगावची चित्रनगरी, पवईलगतचा चांदिवली स्टुडिओ अशा ठिकाणी वाडा, बाग, घोडागाडी सर्व काही उभे करता येते. परंतु कर्जाच्या यादीतील अडगळ प्रत्यक्ष दाखविली की यादीचा विनोद संपतो. तो ऐकणाऱ्याच्या चेहऱ्यावरील वाढत्या निराशेत आहे. पेटीचेही तसेच. ती जितकी कमी दिसेल, तितकी नाटकावर तिची सत्ता अधिक.

जाहिरात व उपहास : भारतीय दूरचित्रवाणीवर १ जानेवारी १९७६ पासून व्यापारी जाहिराती सुरू झाल्या. पुढे आलेल्या खाजगी मराठी वाहिन्यांचा (१९९९ नंतर) तर तोच मुख्य आधार ठरला. याचा लोभावरील सुखात्मिकेशी निकटचा संबंध आहे. जाहिरातींसाठी ठरावीक वेळाने खंड पडला की पाच अंकांची बांधणी विस्कटते, ही तांत्रिक अडचण झाली. त्याहून महत्त्वाची अडचण अर्थाची आहे. जाहिरात प्रेक्षकाला खर्च करावयास शिकविते. तिच्या शेजारी ठेवलेला कृपण माणूस हास्यास्पद ठरतो, तो खर्च करीत नाही एवढ्याचसाठी. आणि उधळपट्टी करणारा मुलगा आपोआप नायक होतो. मोल्येरने क्लेआंतलाही सोडलेले नाही. उंची पोशाख, जुगार व बापाच्या मृत्यूवर नजर ठेवून काढलेले कर्ज हे त्याचे व्यवहार बापाच्या लोभाचीच दुसरी बाजू आहेत. पैसा साठविणारा व उधार घेऊन खर्च करणारा एकाच घरात, एकाच व्याजाच्या दोरीने बांधलेले असतात, हे या नाटकाचे निदान हप्त्यांवर वस्तू विकत घेणाऱ्या समाजाला अधिकच लागू पडते.

मूल्यमापन : नाटकाचे दूरचित्रवाणी-रूप यशस्वी झाले की नाही, हे त्यात किती संवाद राखले यावरून ठरत नाही. दोन तासांचे नाटक दीड तासात बसविताना फ्रोझीन या मध्यस्थ स्त्रीचे काही संवाद, नोकरांचे विनोद किंवा शेवटच्या ओळखीचे तपशील कमी करता येतात; कर्जाचा प्रसंग, हुंड्याचा शब्द व स्वगत ही तीन स्थळे मात्र अबाधित राहणे आवश्यक आहे. पहिल्यात लोभाची अर्थव्यवस्था, दुसऱ्यात तिची मुलीने मोजलेली किंमत व तिसऱ्यात लोभी माणसाचे एकाकीपण आहे. ही तिन्ही राखली, तर कवडीचुंबक घरातल्या पडद्यावरही नाट्यगृहाइतकाच बोचरा राहतो. ती गाळली, तर उरतो तो एक विक्षिप्त म्हातारा. त्याला हसून प्रेक्षक आपल्या घरातील हिशेबाकडे पूर्वीप्रमाणेच निश्चिंतपणे वळतो.